ठेवलेलं पाणी

सकाळी दुधाची पिशवी घ्यायला दार उघडलं, तर ओट्यावरचा गडवा पालथा होता. पडलेला नाही, कलंडलेलाही नाही. कुत्र्याने लोळवला असता तर पायऱ्यांखाली नालीजवळ सापडला असता. हा आपल्या जागेवरच होता, टाइलवर त्याच्याच बुडाने पाडलेल्या गोल डागावर नेमका ठेवलेला, फक्त तोंड खाली आणि बूड वर. आजूबाजूला पाण्याचा थेंब नव्हता. म्हणजे कोणीतरी सगळं पाणी प्यालं होतं आणि मग सावकाश, मन लावून त्याला पालथं घातलं होतं. गोष्ट एवढीशी. पण मी पिशवी हातात धरून तशीच उभी राहिले, आणि पिशवीतला गारवा मनगटावरून कोपरापर्यंत ओघळून आला तेव्हा भानावर आले. या घरात लग्न होऊन आल्यापासून मी हा पितळी गडवा रोज पाहते. सासूबाई उजाडायच्या आधी तो चिंचेने घासतात, माठातलं पाणी भरतात, वर वाटी झाकतात आणि ओट्याच्या डाव्या कोपऱ्यात ठेवतात. जामसांवलीच्या मारुतीला पायी जाणारे भाविक त्यातून पितात, भंगारवाले पितात, कुरिअरवाले पितात. पिऊन झालं की तसाच सरळ ठेवून जातात. पालथा मी कधी पाहिला नव्हता.

या गडव्याशी माझं पहिल्यापासून फारसं बरं नाही. मी नागपूरची, सासर सौंसरचं, आणि सौंसर म्हणजे माझ्या मैत्रिणींच्या भाषेत 'पार मध्यप्रदेशात'. माझे बाबा मला बघायला आलेल्या मंडळींकडे परतभेटीला म्हणून इथे आले, तेव्हा सासूबाईंनी त्यांच्यापुढे पाण्याचा गडवा ठेवला आणि सरळ पाठ फिरवून भिंतीकडे तोंड करून उभ्या राहिल्या. मामाजी, म्हणजे माझे सासरे रघुनाथराव, त्यांनीही खुर्ची फिरवली. माझा होणारा नवरा विनोद, त्यानेसुद्धा. बाबा हातात गडवा धरून तीन पाठींकडे बघत बसले. घरी आल्यावर त्यांनी चप्पलही काढली नाही, दारातूनच म्हणाले, पाणी देऊन तोंड फिरवणारी माणसं मी जन्मात पाहिली नाहीत, तिथे मुलगी द्यायची नाही. मग मध्यस्थाने समजूत घातली की इकडच्या दोनचार गल्ल्यांमधली ती जुनी पद्धत आहे, पाहुणा पाणी पितो तेव्हा त्याच्याकडे पाहायचं नाही, मान आहे तो. बाबांनी मान मान्य केला, पण मरेपर्यंत आमच्याकडे आले की पिशवीत स्वतःची बाटली घेऊनच यायचे. मला मात्र पुढे सवय झाली. शाळेत स्टाफरूममध्ये कोणी पाणी पिऊ लागलं की माझी मान आपोआप खिडकीकडे वळते आणि नवीन आलेल्या बाई समजतात की मी त्यांच्यावर रागावले आहे.

सासूबाई मागून आल्या तेव्हा मी अजून दारातच होते. अंबाबाई त्यांचं नाव. आता हाडांची मोळी झालेल्या, पण चालताना अजून भिंत धरत नाहीत. "दूध उतू चाललं का दारातच?" असं काहीतरी म्हणत त्या आल्या आणि माझ्या खांद्यावरून त्यांना गडवा दिसला. आधी त्यांनी डोक्यावर पदर घेतला, जो त्या सासरच्या थोरल्या माणसांसमोरही हल्ली घेत नाहीत, आणि मग उंबऱ्यावर बसल्या. "आला म्हणजे," त्या म्हणाल्या. मी विचारलं, कोण? तर म्हणाल्या, "प्याले आला." एवढंच. मी गडवा उचलायला वाकले तर त्यांनी माझं मनगट धरलं. त्या बोटांमध्ये इतका जोर असेल असं मला वाटलं नव्हतं. "राहू दे तसाच. हात नको लावू, बाई." त्यांच्या डोळ्यांत पाणी नव्हतं, भीतीही नव्हती. मी तो चेहरा ओळखत होते पण कुठला ते आठवेना. शाळेत जाताना, बसस्टँडच्या चौकात आल्यावर आठवलं. माझी मुलगी नेहा जन्मली तेव्हा दवाखान्यात दारातून आत पाहताना त्यांचा असाच चेहरा झाला होता.

चौकात त्या दिवशी मांडव ठोकत होते. हनुमान जयंती दोन दिवसांवर आली होती, आणि यंदाच्या शोभायात्रेत आमच्या वॉर्डाच्या मंडळाची झाकी होती 'तुळश्याचा अंत'. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर बाभळीच्या फांद्या, थर्माकोलचा सीमेचा दगड, जमिनीवर पडलेला तुळश्या दरोडेखोर आणि त्याच्या छातीवर बंदूक रोखून उभे असलेले शिपाई रघुनाथराव. मिरवणूक आमच्या दारासमोर थांबणार, सुतळी बॉम्ब फुटणार, सासूबाईंना शाल-श्रीफळ मिळणार आणि गल्लीच्या तोंडाशी मामाजींच्या नावाची पाटी उघडणार. विनोदचा संत्र्यांचा व्यापार आहे, तो सहसा बहार आणि गाड्यांच्या पलीकडे बोलत नाही. पण महिनाभर झाला, त्याची छाती बापाच्या नावाने फुगलेली. त्याचं चुकीचं आहे असं मला वाटत नव्हतं. वडील जाऊन बरीच वर्षं झाली आणि कोणी त्यांची आठवण काढतंय, यात कुणाला आनंद होणार नाही? नेहा पुण्याहून रोज कुठले कुठले रील पाठवायची. "आई, आजोबा व्हायरल झाले!" त्या रीलमध्ये तुळश्या काळ्या घोड्यावर बसून, हातभर मिशा पिळत, हिंदीत डरकाळ्या फोडायचा, आणि खाली हजारो लोक लिहायचे, शेर, शेर. मीही दोनचारदा पाहिले. खोटं कशाला सांगू, मजा आली होती.

तुळश्याची गोष्ट इकडे सगळ्यांना माहीत असते तेवढी मलाही होती. पोलिसांचा तुळश्या, गावकऱ्यांचा तुळशीबुवा. रामाकोना गावचा. दोन राज्यं झाली, आणि कालपर्यंत जिथे एकच मुलूख होता तिथे शेताच्या बांधांमधून सीमेचे दगड रोवले गेले, त्यानंतरच्या वर्षांतला. त्या दगडांनीच त्याला मोठा केला म्हणायला हरकत नाही. इकडे दरोडा घालायचा आणि पाच पावलं चालून तिकडे बसायचं. इकडचे पोलीस दगडापाशी येऊन थांबत, कारण पलीकडे त्यांचा हुकूम चालत नसे. लोक सांगतात, तो पलीकडच्या बांधावर बसून संत्री सोलायचा आणि फोडी मोजून शिपायांना विचारायचा, जी, खाता का एखादी? मी भूगोल शिकवते. त्या दिवशी सातवीच्या वर्गात फळ्यावर मध्यप्रदेशचा नकाशा काढताना दक्षिणेची रेघ ओढली आणि खडू आमच्या गावाच्या जवळून गेला तेव्हा हात अडखळला. मुलांना मी दरवर्षी सांगते की सीमा दिसत नसते, ती मानायची असते. त्या दिवशी हे वाक्य बोलता बोलता मला गडव्याचा तो गोल डाग दिसला, टाइलवरचा, आणि मी ओढलेली रेघ पुसून पुन्हा ओढली.

मामाजी स्वतः या विषयावर बोलत नसत. पाहुणे, पत्रकार, शाळेतली मुलं, कोणीही विचारलं की काका, तुळश्याले गोळी कशी मारली, तर ते एकच शब्द बोलायचे: "जवळून." ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा यायचा. इतक्या भयंकर माणसाच्या जवळ जाऊन गोळी घालणारा हा बारका, चष्मेवाला म्हातारा! मग ते उठून आत जायचे आणि आम्ही समजायचो की मोठी माणसं अशीच असतात, स्वतःच्या पराक्रमाचा बडेजाव करत नाहीत. निवृत्त झाल्यावरही सकाळी गडवा ठेवायचं काम ते स्वतः करायचे. मी एकदा, वाटी सरकली की गडव्यात चिमण्या घाण करतात म्हणून नळाचा प्लास्टिकचा कॅम्पर आणून ओट्यावर ठेवला. संध्याकाळपर्यंत मामाजींनी कॅम्पर आत नेला होता आणि गडवा बाहेर ठेवला होता. ते आजारी पडले तेव्हापासून सासूबाई ठेवू लागल्या.

दुपारी घरी आले तर सासूबाई अंगणात वर्षभराच्या मिरच्यांचे देठ काढत बसल्या होत्या. गडवा ओट्यावर अजून पालथाच. त्याला त्यांनी हळदीकुंकू मात्र लावलं नव्हतं, त्याबद्दल मनातल्या मनात मी त्यांचे आभार मानले. मी समोर बसले आणि सूप पुढे ओढलं. मिरच्यांचा ठसका नाकात जात होता. मी विचारायच्या आधीच त्या बोलू लागल्या. नजर मिरचीवर, बोटं चालूच. "मानसं पितात अन् सरका ठेवतात. पालथा फक्त त्याईचं मानूस ठेवत होतं. तुळशीबुवाचं." मग म्हणाल्या, की तुळश्या ज्या घरचं पाणी प्याला त्या घरावर हात टाकत नसे. म्हणून लोक ओट्यावर भरलेला गडवा ठेवत. पाठ फिरवत, म्हणजे उद्या पोलिसांनी विचारलं कोण आलं होतं तर खोटं बोलावं लागू नये: आम्ही नाही पाहिला जी. पिऊन झालं की तो गडवा पालथा घालायचा, म्हणजे या घराशी आपलं काही वैर नाही. माझ्या बाबांच्या पुढ्यात फिरलेल्या त्या तीन पाठी मला आठवल्या आणि हसू आलं. मानपान म्हणून आम्ही जे पाळत होतो ते असं भीतीतून निघालेलं होतं, आणि भीती केव्हाच मरून गेली होती तरी पाठी फिरतच होत्या.

"पन थो मांगत नोता," सासूबाई म्हणाल्या. "सोनं लुटे, धान लुटे. पानी लुटत नोता अन् मांगतही नोता. ठेवलेलं असलं तरच पेत होता. त्याचा नेमच होता थो." आणि मग त्या वर्षीचा वैशाख. पोलिसांच्या साहेबाने त्याला धरायला छावणी टाकली होती, महिनाभर झाला तरी हाती काही लागत नव्हतं. शिपायांमध्ये या मुलखातला पोरगा एकच, मामाजी. त्यांनीच सुचवलं: साहेब, बंदुका कायले, गडवे आत घ्या. विहिरींवर, नदीच्या डोहांवर, सीमेकडच्या वाटांवर पहारा बसला. आणि चोवीस-पंचवीस वर्षांचे मामाजी घरोघर फिरले, गावोगाव, बोरगावपासून सीमेपर्यंत, आणि सगळ्यांचे गडवे आत करवले. मी मधेच विचारलं, आपलाही? सासूबाईंनी पहिल्यांदा वर पाहिलं. "दुसऱ्याचे उचलाचे अन् आपला ठेवाचा, असं कसं करतीन थे? सरळ मानूस होतं." त्यांच्या आवाजात तक्रार नव्हती. असली तर ती नवऱ्याबद्दल नव्हती.

तुळश्या भर दुपारी आला. ओटा तेव्हा शेणाने सारवलेला होता, अंबाबाई नवी नवरी, एकट्या घरात, दाराच्या फटीला डोळा लावून. मिशा नव्हत्या. घोडा नव्हता. "पोट्ट्यावानी तोंड होतं, बाई. ओठ फाटलेले." तो अंगणात उभा राहिला आणि ओट्याच्या कोपऱ्याकडे पाहिलं. शेणसारवणावर गडव्याचा गोल वण होता. गडवा नव्हता. या घरचं पाणी तो पूर्वी एकदा प्याला होता, सासऱ्यांच्या काळात. कोपरा त्याला ठाऊक होता. तो त्या वणाकडे पाहत राहिला. घरात माठ भरलेला होता, दाराच्या आतच, अंबाबाईंच्या पायाशी. "त्यानं मांगतलं असतं तर मी देल्लं असतं. शपथ घेऊन सांगतो. याईचा, घरधन्याचा, धाक होता मले, तरी देल्लं असतं. त्यानं मांगतलं नाई. अन् मी बाहेर ठेवलं नाई. थो तिथं, मी इथं, अन् मधात दार." मग तो वाकला, त्या वणाला हात लावून तो हात कपाळाला लावला, आणि आला तसा निघून गेला. दुसऱ्या दिवशी सीमेच्या दगडाशी सापडला. डोकं पलीकडे, पाय अलीकडे. गोळी लागलेली नव्हती. तहानेने मेला होता. दोन्हीकडचे पोलीस जमले तेव्हा भांडण झालं म्हणे, कोणाचा म्हणायचा, आणि साहेबाने मामाजींच्या हातात बंदूक दिली. मेल्यावर मारली गोळी. जवळून.

मी मिरची हातात धरून बसले होते. ऊन भिंतीवरून सरकून अंगणाच्या मधोमध आलं होतं. मला काय वाटलं ते नीट सांगता यायचं नाही. राग आला असता तर बरं झालं असतं, दया आली असती तर रडून मोकळी झाले असते. यातलं काही नव्हतं. मी थक्क झाले होते. घरं फोडणारा, माणसांना झाडाला बांधणारा एक दरोडेखोर, त्याला कुणाचंच भय नाही, ना सरकारचं ना देवाचं, दार एका लाथेत तुटलं असतं, आत माठ आहे हे त्याला माहीत आहे, आणि तो त्या दारात मरायला तयार होतो पण पाण्यासाठी हात पसरत नाही आणि हात उचलतही नाही. एवढी मोठी रेघ त्याने स्वतःच्या मनात ओढली होती. आणि ती ओळखणारा एकटा माणूस म्हणजे माझे सासरे. त्यांनी त्याला त्या रेघेवरच धरला. मी इतकी वर्षं नकाशे शिकवते, पण अशी सीमा मला कुणी दाखवली नव्हती. आणि मग हा गडवा. रोज सकाळी वर्दी चढवायच्या आधी, मग पेन्शनीत, मग आजारपणात, आणि त्यांच्यामागे या बाईने, कोणी येऊन पालथा घालेल म्हणून. घासून घासून त्याचा नक्षीचा पट्टा झिजून गुळगुळीत झालाय. मी त्यात चिमण्यांची घाण शोधत होते. "विनोदला माहीत आहे?" मी विचारलं. "नाई. त्याले बापाची गोळी पुरते," त्या म्हणाल्या आणि थोड्या वेळाने, "परवा मले थ्या शालीखाली नको बसवू, उर्मिला. जमलं तर." मी हो म्हटलं. कसं जमवणार होते, देव जाणे.

संध्याकाळी उलगडा झाला, म्हणजे व्हायचा तेवढा झाला. बसस्टँडजवळ मंगेशचं सलून आहे. मंडळाच्या झाकीत तुळश्या तोच होणार होता. चाळिशीचा, हसरा, पोट थोडं सुटलेला. झाकीतल्या शिपायासाठी मामाजींचा जुना पोलिसी पट्टा मिळेल का विचारायला तो दारात आला आणि म्हणाला, "सकाळीबी आलतो मॅडम, बेल दाबली, तुमी उठले नसान." मी जवळजवळ त्याच्या अंगावरच धावून गेले. गडवा तूच पालथा घातलास? तो घाबरला. "हाव जी. पानी पेलो न. काऊन, खराब होतं का?" पालथा का? "आमच्या मायनं तसंच शिकोलं. पेलं का पालथा. अन् आमच्या घरात पानी मांगत नाई जी कोनाले. ठेवलेलं असलं का पेतो." हे त्याने सहज सांगितलं, जसं कुणी आमच्या घरात वांगं खात नाही असं सांगावं. मी विचारलं, तुम्ही तुळश्याचे कोणी लागता का? मंगेश हसला. "का मालूम जी. आता तं आर्धं रामाकोना म्हंते आमी त्याईचे. पयले कोनीच लागत नोतं." आत खुर्चीवर बसलेल्या सासूबाईंनी हे सगळं ऐकलं. त्या उठून पट्टा घेऊन आल्या, आणि मंगेशच्या हातात देताना त्याच्या तोंडाकडे इतका वेळ पाहत राहिल्या की तो बिचारा ओशाळला. तो गेल्यावर मी म्हटलं, आई, उगाच मनात धरू नका, सलूनवाला आहे तो. "मी काई धरून नाई राह्यलो," त्या म्हणाल्या, "पन पालथा घातला तं घातला न?"

मग हनुमान जयंती उजाडली. जामसांवलीच्या रस्त्याने पहाटेपासून माणसांची रांग. विनोदने घर धुवून काढलं, ओट्यावर लाल गालिचा पसरला, प्लॅस्टिकच्या खुर्च्या मांडल्या, बिसलेरीचे खोके रचले. दुपारी मी पाहिलं तर गडवा स्वयंपाकघरात, फिल्टरच्या शेजारी ओट्यावर. "व्हिडिओत बरोबर नाही दिसत थो," विनोद म्हणाला, "आजच्या दिवस राहू दे आत." मी गडव्याकडे हात नेला आणि परत घेतला. त्याने नवा सदरा घातला होता, बाहीवर इस्त्रीची घडी होती, बापाच्या फोटोला त्याने स्वतः हार ओवला होता. सासूबाईंच्या बाबतीतही मी हरले होते. ताप आला म्हणू, चक्कर आली म्हणू, सगळं ठरवून झालं, पण ऐनवेळी विनोद हात धरून त्यांना खुर्चीपाशी घेऊन आला आणि त्या मुलाच्या तोंडाकडे बघून बसल्या. शालीचं ताट शेजारी होतं. गालिच्याखाली तो गोल डाग कुठे असेल याचा मी नजरेने अंदाज घेत राहिले.

साडेपाचच्या उन्हात मिरवणूक गल्लीत शिरली. डीजे, गुलाल, रामाची ट्रॉली, द्रोणागिरी उचललेला मारुती, आणि त्यामागे आमची. बाभळीच्या फांद्या सुकून तडकल्या होत्या. थर्माकोलच्या दगडाशी मंगेश उताणा पडला होता, हातभर चिकटवलेल्या मिशा एका बाजूने सुटून गालावर आलेल्या, आणि त्याच्या छातीवर बंदूक रोखून मंडळाचा एक इलेक्ट्रिशियन मामाजींचा पट्टा कमरेला लावून उभा. दुपारी बारापासून ते असेच गावभर फिरत होते. मंगेशचे ओठ पांढरे पडले होते. खरे ओठ, रंगवलेले नव्हेत. ट्रॉली आमच्या दाराशी थांबली तेव्हा त्याने मान वळवली आणि ओट्याच्या डाव्या कोपऱ्याकडे पाहिलं. तिथे लाल गालिचा होता. बिसलेरीचे खोके हातभर अंतरावर होते, एक हाक मारली असती तर दहा बाटल्या त्याच्याकडे उडाल्या असत्या. त्याने हाक मारली नाही. तो त्या कोपऱ्याकडे बघत राहिला आणि मग त्याने मान परत वर आभाळाकडे केली. शेजारी बसलेल्या सासूबाईंनी माझं मनगट धरलं. "उर्मिला," त्या म्हणाल्या, "थो पाह्यते." दुसऱ्या हाताने त्यांनी खुर्चीचा दांडा धरला होता. त्यांना उठायचं होतं आणि उठवत नव्हतं, दाराच्या फटीमागच्या त्या दिवसासारखंच.

मी आत गेले. माठातलं पाणी गडव्यात ओतताना ते बाहेर सांडलं, पायावर पडलं. एवढ्या मोठ्या गोष्टीला आपला हात लागत होता. बाहेर आले तेव्हा कोणीतरी माइकवर मामाजींच्या शौर्याबद्दल बोलत होतं, आणि गल्लीच्या कडेला एकजण सुतळी बॉम्बला उदबत्ती लावायला वाकला होता. मी गालिच्याचा कोपरा उचलून बाजूला फेकला. डाग तिथेच होता. मी गडवा त्याच्यावर ठेवला. मंगेशच्या हातात नेऊन दिला नाही, ये म्हटलं नाही. ठेवला, दोन पावलं मागे आले आणि पाठ फिरवली. विनोद माझ्यासमोर आला. "काय करून राह्यली तू? अं? सगळे पाहून राह्यले!" मी म्हटलं, "पाठ फिरवा." "काय?" "तुमच्या बाबांनी त्याला गोळी नाही मारली. पाणी बंद केलं. आईंना विचारा. आधी पाठ फिरवा." त्याने आईकडे पाहिलं. सासूबाई खुर्ची धरून उठल्या होत्या आणि भिंतीकडे, मामाजींच्या हार घातलेल्या फोटोकडे तोंड करून उभ्या होत्या. त्यांनी मान हलवली, फक्त एकदा. विनोदचं तोंड इतकं उतरलं की मला वाटलं आता हा ओरडेल. पण त्याने ओठ दाबून धरले आणि तो सावकाश वळला.

नंतर जे झालं ते मी पाहिलं नाही म्हणायला हवं, कारण माझी पाठ होती. पण घराच्या खिडकीच्या काचेत गल्ली दिसत होती. समोरच्या ओट्यावरचे दोन म्हातारे आधी वळले. त्यांना कुणी सांगावं लागलं नाही. मग त्यांच्या सुना. मग कोपऱ्यावरचा पानवाला, ज्याच्या घरात अजून गडवा आहे हे मला तोवर माहीत नव्हतं. माइकवाला थांबला. पोरांना काही कळेना, पण मोठे वळताहेत म्हणून तीही वळली, वर धरलेले मोबाइल खाली आले. बॉम्बवाल्याच्या हातात उदबत्ती तशीच धुमसत राहिली. अख्खी गल्ली एका माणसाकडे पाठ करून उभी होती, म्हणजे त्याला कुणी न पाहता पाणी पिता यावं. अंगावर काटा आला तो तेव्हा. इतक्या वर्षांत मी या गावाला किती नावं ठेवली होती.

ट्रॉलीच्या फळ्या वाजल्या. कोणीतरी खाली उतरलं. अनवाणी पावलं ओट्याच्या पायरीवर आली आणि थांबली. मग पाणी पिण्याचा आवाज, न थांबता, घटाघट, तहानलेल्या माणसाचाच येतो तसा. तो बराच वेळ येत राहिला. माझ्या डाव्या हाताला सासूबाई, उजव्या हाताला विनोद, आणि विनोदचे खांदे हलत होते. मग आवाज थांबला आणि पितळ टाइलला टेकलं. गडवा सरळ ठेवला तर बुडाचा बारीक खणखणाट होतो, तो मी या घरात आल्यापासून ऐकला आहे. हा तसा नव्हता. हा बसका होता, आतल्या आत राहिलेला.

"पालथा घातला?" सासूबाईंनी भिंतीकडे पाहतच विचारलं.

"घातला, आई," मी म्हटलं. मी वळून पाहिलं नव्हतं.